थिरथिरा: दगडामातीवर जगणारा हिवाळी पक्षी

परतीचा पाऊस ओसरतो, सोयाबीन-बाजरीची काढणी सुरू होते, आणि एखाद्या सकाळी विहिरीच्या कठड्यावर, गोठ्याच्या पत्र्यावर किंवा सोसायटीच्या कुंपणभिंतीवर चिमणीएवढा एक काळसर पक्षी येऊन बसलेला दिसतो. बसल्या जागी तो डोकं झटकन खालीवर करतो आणि पाठोपाठ त्याची तांबूस शेपूट थरथरते. क्षणभर थांबतो, पुन्हा तेच. हा थिरथिरा. पुस्तकांत त्याचं नाव कृष्ण थिरथिरा असं आढळतं. शास्त्रीय नाव फिनिक्युरस ऑक्रुरोस.

सप्टेंबरच्या अखेरीपासून त्याचं येणं सुरू होतं, ऑक्टोबरात तो ठिकठिकाणी दिसू लागतो, आणि मार्च संपता संपता किंवा एप्रिलच्या सुरुवातीला निघून जातो. म्हणजे वर्षातले जवळपास सहा महिने त्याचा मुक्काम आपल्याकडे असतो. पिल्लं तो इथे वाढवत नाही हे खरं, पण उरलेलं निम्मं आयुष्य तो आपल्या बांधांवर, खळ्यांवर आणि परसात काढतो. त्याच्याकडे नीट पाहावं, यासाठी मला हे कारण पुरेसं वाटतं.

ओळख पटवायची ती शेपटीवरून

थिरथिऱ्याची लांबी सुमारे १५ सेंटीमीटर आणि वजन १२ ते २० ग्रॅमच्या दरम्यान. नराचं डोकं, गळा, छाती आणि पाठ काळी ते गडद राखाडी असते. छातीच्या खाली रंग एकदम बदलतो आणि पोट विटकरी-नारिंगी होतं. चोच, डोळे, पाय काळे. मादी मातकट तपकिरी असते, तिच्या पोटाकडे फिकट नारिंगी छटा आणि डोळ्याभोवती बारीक फिकट कडं असतं. लांबून पाहणाऱ्याला ती साधीच वाटते, पण ती उडाली की कंबर आणि शेपटीच्या बाजू तांबूस चमकतात. नर असो वा मादी, शेपटीची मधली दोन पिसं तेवढी गडद आणि बाकीची तांबूस. ही खूण डोक्यात ठेवली की चुकायला फारशी जागा राहत नाही.

गफलत होते ती बहुधा चीरकाशी. चीरक आपल्याकडे बारमाही राहणारा. त्याचा नरही काळा, आणि त्याच्याही शेपटीखाली तांबूस डाग असतो. पण चीरकाची शेपूट काळी असते आणि ती तो पाठीवर उभी धरतो. खांद्यावर पांढरा पट्टाही असतो. थिरथिऱ्याची शेपूट उभारलेली नसते, ती थरथरते. गप्पीदासाची मादी आणि थिरथिऱ्याची मादी यांतही नवख्याचा गोंधळ होतो. तिथेही शेपटीकडेच पाहावं. गप्पीदासाची शेपूट आखूड आणि गडद, हिची तांबूस.

चीरक, दयाळ, गप्पीदास आणि थिरथिरा ही सगळी मंडळी एकाच कुळातली, माशीमारांच्या. पूर्वी त्यांची गणना कस्तुरांच्या कुळात होत असे. ताठ उभं राहणं, जमिनीवर नजर ठेवणं, शेपटीची सतत काहीतरी हालचाल करणं, या सवयींत त्यांचं नातं सहज दिसतं.

ऑक्टोबरातला नर आणि मार्चमधला नर

एकाच जागी येणारा नर सगळा हिवाळा पाहिला तर एक गंमत लक्षात येते. ऑक्टोबरात तो धुळीत लोळून आल्यासारखा दिसतो. काळ्या छातीवर फिकट राखाडी खवले, पोटावरचा रंगही झाकोळलेला. जानेवारीपर्यंत हे खवले विरळ होतात, आणि मार्चमध्ये तोच पक्षी काळाभोर आणि पोटाला लखलखीत विटकरी दिसू लागतो.

या काळात त्याने पिसं बदललेली नसतात. पिसं बदलण्याचं काम वीण संपल्यावर, इकडे निघण्याआधीच उरकलेलं असतं. नव्या पिसाचा मुख्य भाग काळाच असतो, फक्त टोकाला फिकट किनार असते. पिसं एकमेकांवर चढलेली असल्यामुळे वरून त्या किनारीच जास्त दिसतात आणि खालचा काळा रंग झाकला जातो. मग हिवाळाभर भिंतींच्या फटींत शिरताना, वाळूत उतरताना, उन्हावाऱ्यात किनारी झिजत जातात आणि आतला रंग उघडा पडतो. विणीच्या जागी पोचेपर्यंत नर पूर्ण रंगात आलेला असतो. नवी पिसं उगवायला शरीराची बरीच ताकद जाते. इथे रंग खुलवण्याचं काम नुसत्या झिजेने होऊन जातं. साधी दुर्बीण असेल तर हा बदल घरबसल्या पाहता येतो, आणि मला विचाराल तर थिरथिऱ्याच्या निरीक्षणातला सगळ्यांत सुंदर भाग हाच.

एक सावधगिरी मात्र बाळगावी. पहिल्या वर्षातले बरेच नर मादीसारखेच तपकिरी दिसतात. त्यामुळे तपकिरी थिरथिरा दिसला की ती मादीच, असं ठामपणे सांगता येत नाही. नोंदवहीत अशा वेळी ‘मादी किंवा तरुण नर’ असं लिहावं.

शिकारीची तऱ्हा

थिरथिऱ्याला उंच झाडाचा शेंडा लागत नाही. गुडघाभर ते पुरुषभर उंचीची एखादी बैठक त्याला पसंत पडते: कुंपणाचा खांब, विटांचा ढीग, नांगराचा दांडा, पडक्या भिंतीचा दगड, पाण्याची टाकी. तिथून समोरची मोकळी जमीन नीट दिसली पाहिजे. एखादी मुंगी, भुंगेरा किंवा अळी हलली की तो सरळ खाली झेपावतो, चोचीत भक्ष्य उचलतो आणि पुन्हा त्याच किंवा शेजारच्या बैठकीवर जातो. खाली उतरला तर दोन-तीन टुणटुण उड्या मारतो, मान उंचावतो, थबकतो. कधी हवेतल्या किड्यामागे छोटीशी गिरकी घेतो, कधी भिंतीसमोर पंख फडफडवत क्षणभर तरंगून फटीतला कोळी टिपतो.

मुंग्या, वाळवी, नाकतोडे, माश्या, अळ्या, कोळी हा त्याचा रोजचा आहार. जोडीला लहान रसाळ फळंही तो खातो. खळ्यावर आणि गोठ्यामागच्या उकिरड्यावर तो वारंवार दिसतो याचं कारण उघड आहे. तिथे किड्यांना तोटा नसतो. रब्बीसाठी नुकती वखरलेली जमीन त्याला अशीच मानवते. सकाळी लवकर आणि दिवेलागणीच्या वेळी तो सर्वांत चपळ असतो. इतर पक्षी झोपायच्या जागा धरू लागतात, तेव्हाही अंधूक उजेडात हा जमिनीवर उतरताना दिसतो.

दाट रानात तो शक्यतो शिरत नाही. कोकण आणि गोव्याच्या गर्द झाडीच्या पट्ट्यापेक्षा देशावर, खानदेशात, मराठवाड्यात आणि विदर्भात तो अधिक सहज दिसतो. गडकोटांवरचे ढासळलेले बुरूज, दगडाच्या खाणी, अर्धवट बांधलेल्या इमारती, गावठाणातले पडके वाडे या त्याच्या आवडीच्या जागा. कोरडी जमीन, दगड आणि किडे एवढं त्याला पुरतं.

एकटा जीव, ठरलेली हद्द

हिवाळ्यात थिरथिऱ्यांचा थवा दिसत नाही. प्रत्येक जण एकेकटा राहतो आणि आपला तुकडा राखतो. एखादं परस, एखादा बांध, दोन-चार इमारतींमधली मोकळी जागा, एवढी त्याची हद्द. दुसरा थिरथिरा तिथे आला तर त्याला पिटाळून लावलं जातं. यात नर-मादी असा भेद नाही. मादीही स्वतःची हद्द तितक्याच नेटाने सांभाळते आणि वेळ आली तर नराच्या अंगावर जाते.

कारण सरळ आहे. जमिनीवरचे किडे हिवाळ्यात मोजकेच मिळतात. वाटेकरी वाढले तर कुणाचंच पोट भरणार नाही. आपल्या तुकड्यातल्या कुठल्या दगडाखाली काय मिळतं, ससाणा आला तर कुठल्या फटीत शिरायचं, ही माहिती एकाच जागी राहणाऱ्याला उपयोगी पडते. याच कारणाने पुढच्या हिवाळ्यातही आधीचीच जागा गाठण्याकडे अशा पक्ष्यांचा कल असतो. ‘आमच्याकडे दरवर्षी तोच येतो’ असं गावाकडची माणसं सांगतात तेव्हा त्यांचा अंदाज बरोबर असण्याची बरीच शक्यता असते. खात्री मात्र ओळखीसाठी पायात क्रमांकाचं कडं अडकवलेल्या पक्ष्याबद्दलच देता येते.

दोन प्रकारचे आवाज

आपल्याकडे ऐकू येते ती त्याची हाक. ‘व्हिट, व्हिट’ असा बारीक, तुटक आवाज, आणि सावध झाला की त्याला जोडून ‘टक्-टक्’. ही हाक लागोपाठ आली की तेल न घातलेल्या सायकलचं चाक संथपणे फिरत असल्याचा भास होतो. एकदा कानात बसला की हा आवाज रस्त्यावरच्या गोंगाटातही वेगळा काढता येतो. पहाटे उठणाऱ्यांना पक्षी दिसण्याआधी बहुधा तोच ऐकू येतो.

खरं गाणं तो विणीच्या जागी गातो. आधी काही सूर भरभर, मग जराशी उसंत, त्यानंतर एक चमत्कारिक खरखर, आणि शेवटी पुन्हा शिट्टीसारखे सूर. मधली खरखर इतकी वेगळी आहे की ती पक्ष्याच्या गळ्यातून निघते यावर पहिल्यांदा ऐकणाऱ्याचा विश्वास बसत नाही. युरोपातल्या शहरांत सूर्योदयाच्या तासभर आधी, अंधारातच हा नर छपराच्या टोकावरून गायला लागतो.

उन्हाळ्याचं घर

भारतात येणारे थिरथिरे प्रामुख्याने दोन उपजातींचे असतात. एक मध्य आशियापासून काश्मीर-लडाखपर्यंतच्या डोंगराळ भागात वीण करणारी, दुसरी त्याच्या पूर्वेला नेपाळ, तिबेट आणि मध्य चीनपर्यंतच्या उंच प्रदेशातली. हिमालयात साधारण २,४०० मीटरपासून ५,००० मीटरच्या वरपर्यंत त्यांची घरटी आढळतात. झाडांची रेषा तिथे खाली राहिलेली असते. दगडांचे उतार, घळी, हिमनद्यांनी आणून टाकलेले धोंडे, आणि माणसांची वस्ती असेल तिथे शेतांभोवती रचलेल्या कोरड्या दगडी भिंती. उन्हाळ्यात लडाखला गेलेल्या मराठी पर्यटकाला हे गावचं पाखरू तिथल्या भिंतीवर भेटतं, शेपूट तशीच थरथरवत.

घरटं मादी बांधते. खडकाची खाच, भिंतीतलं भोक किंवा छपराखालची जागा हेरून ती गवत, शेवाळ यांची सैलसर वाटी रचते आणि आतून केस, लोकर, पिसं अंथरते. अंडी साधारण ४ ते ६, पांढरट ते फिकट निळसर. उबवण्याचं काम मादी एकटी करते, त्याला सुमारे दोन आठवडे लागतात. पिल्लांना मात्र दोघं मिळून भरवतात, आणि आणखी दोनेक आठवड्यांत ती घरट्याबाहेर पडतात. उंचावरचा उन्हाळा छोटा. तेवढ्यात पिल्लं वाढवायची, जुनी पिसं टाकून नवी घ्यायची आणि थंडी पडायच्या आत खाली उतरायचं, असं त्यांचं घट्ट वेळापत्रक असतं.

लंडनच्या राडारोड्यात

या जातीचा पसारा पश्चिमेला स्पेन-पोर्तुगाल आणि मोरोक्कोपर्यंत आहे. युरोपातल्या नराचं पोट विटकरी नसतं, ते काळपट-राखाडी असतं, आणि पंखावर पांढरा डाग असतो. शेपूट मात्र तीच.

तिकडचा इतिहास मला फार बोलका वाटतो. मुळात कड्याकपारींत राहणाऱ्या या पक्ष्याने मध्य युरोपातली दगडी आणि विटांची घरं आपलीशी केली आणि तो शहरांत उतरला. ब्रिटनमध्ये तो विसाव्या शतकातही दुर्मीळच होता. दुसऱ्या महायुद्धात लंडनवर बॉम्ब पडले, वस्त्या जमीनदोस्त झाल्या, आणि त्या पडक्या भिंतींत थिरथिऱ्यांच्या जोड्यांनी घरटी केली. उघडी जमीन, विटांचे ढीग, त्यांत उगवलेलं रानगवत आणि त्यावरचे किडे, त्याला हवं ते सगळं तिथे आयतं मिळालं.

पुढे शहर पुन्हा उभं राहिलं तशा या जागा बुजल्या. ब्रिटनमध्ये आज विणीच्या जोड्या शंभराच्याही आत आहेत आणि तिथे १९८१ च्या वन्यजीव कायद्याने त्याला विशेष संरक्षण दिलेलं आहे. लंडनच्या डेप्टफर्ड भागात तर नव्या इमारतींच्या गच्च्यांवर मुद्दाम खडी आणि विटांचा चुरा पसरून रानगवत उगवू दिलं गेलं, ते थिरथिऱ्याचा विचार करूनच. एका लहानशा पक्ष्यासाठी वास्तुरचनाकारांनी गच्चीचा आराखडा बदलावा, हे मनापासून दाद देण्यासारखं आहे. गच्चीवरची बाग म्हणजे हिरवळच असली पाहिजे ही आपली समजूतही त्यानिमित्ताने तपासून पाहावी.

रात्रीचा प्रवास

लेह ते पुणे हवाई अंतर सुमारे १,८०० किलोमीटर. मध्य आशियातून किंवा तिबेटपलीकडून निघालेल्या पक्ष्याला याहून कितीतरी जास्त अंतर कापावं लागतं, वाटेत हिमालयही ओलांडावा लागतो. पंधरा-वीस ग्रॅमचा जीव हे कसं करतो?

लहान कीटकभक्षी पक्षी बहुतांश रात्री उडतात. रात्री हवा थंड आणि स्थिर असते, अंग तापत नाही, शिकारी पक्षी झोपलेले असतात, आणि दिवस खाण्यासाठी मोकळा राहतो. निघण्याआधी ते भरपूर खाऊन अंगावर चरबी चढवतात. तीच वाटेतली शिदोरी. रात्रभर उडायचं, पहाटे उतरायचं, एक-दोन दिवस पोट भरायचं आणि पुन्हा निघायचं, असा टप्प्याटप्प्याने प्रवास होतो.

दिशा कळते कशी, यावर जर्मनीत झालेलं काम प्रसिद्ध आहे. १९६० च्या दशकात फ्रँकफर्टमध्ये वोल्फगांग विल्चको आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी युरोपातल्या रॉबिन पक्ष्यावर प्रयोग केले. हा रॉबिन थिरथिऱ्याच्याच कुळातला. स्थलांतराच्या दिवसांत पिंजऱ्यातले रॉबिन रात्री अस्वस्थ होऊन एका ठरावीक दिशेला झेपावू लागतात. पिंजऱ्याभोवतीचं चुंबकीय क्षेत्र कृत्रिमरीत्या फिरवलं, तेव्हा त्यांच्या झेपावण्याची दिशाही फिरली. पृथ्वीचं चुंबकत्व पक्ष्यांना जाणवतं, याचा हा भक्कम पुरावा ठरला. त्याच दशकात अमेरिकेत स्टीफन एम्लेन यांनी बंटिंग जातीच्या पक्ष्यांना तारांगणात ठेवून दाखवलं की ध्रुवताऱ्याभोवती फिरणाऱ्या ताऱ्यांवरूनही ते दिशा ओळखतात.

याहून थक्क करणारी गोष्ट म्हणजे, अशा रात्री उडणाऱ्या बहुतेक जातींत पहिल्या वर्षाची पिल्लं आईबापांच्या सोबतीशिवाय निघतात. निघायचं कधी, कोणत्या दिशेने आणि साधारण किती दिवस उडायचं, याचं मूळ ज्ञान त्यांच्या रक्तातच असतं. अचूक जागा मात्र अनुभवाने पक्की होते. एकदा इथे हिवाळा काढलेला थिरथिरा पुढच्या वर्षी आपला बांध शोधत येतो तो या अनुभवाच्या जोरावर.

त्याचं अडतं कुठे

जागतिक पातळीवर ही जात धोक्यात नाही. आंतरराष्ट्रीय निसर्ग संवर्धन संघाच्या यादीत ती सर्वांत कमी चिंतेच्या गटात आहे. पण एखाद्या गावातून किंवा वसाहतीतून थिरथिरा नाहीसा व्हायला जागतिक संकट लागत नाही. अंगणात पेव्हर ब्लॉक बसवले की मुंग्या आणि भुंगेरे गेले. बांधावर तणनाशक मारलं, पिकावर आणि बांधावर सरसकट कीटकनाशक फवारलं की अळ्या गेल्या. जमिनीवर उतरून खाणाऱ्या पक्ष्याला मोकाट मांजरांचा धोका असतो तो वेगळा. रात्री उडणाऱ्या सगळ्याच पक्ष्यांना उंच इमारतींचे झगमगते दिवे चकवतात आणि काचा घात करतात.

उपाय अवघड नाहीत. परसाचा एक कोपरा मातीचा राहू द्यावा. पालापाचोळा जाळू नये. बांधावरचे दगड आणि थोडं झुडूप ठेवावं. जुनी दगडी भिंत डागडुजी करताना सगळ्या फटी सिमेंटने लिंपून टाकू नयेत. पिंजरा, दाणे, पाण्याची शोभिवंत भांडी यांतलं काहीही त्याच्यासाठी करावं लागत नाही. दाणे तर तो खातही नाही.

नोंद ठेवायची तर

स्थलांतराच्या अभ्यासात पहिला पक्षी कधी दिसला आणि शेवटचा कधी, या दोन तारखांना मोठं मोल आहे. २००७ मध्ये सुरू झालेल्या मायग्रंटवॉच उपक्रमात देशभरातल्या हौशी निरीक्षकांनी अशाच तारखा कळवल्या. आता ही नोंद ईबर्ड या संकेतस्थळावर करता येते. हवामान बदलतं आहे तसं पक्ष्यांचं येणं-जाणं पुढेमागे होतं का, हे अशा वर्षानुवर्षांच्या नोंदींमधूनच कळू शकेल. प्रयोगशाळेत बसून ते कळणार नाही, त्याला गावोगावचे डोळे हवेत.

महाराष्ट्रात २०२० पासून ५ ते १२ नोव्हेंबर हा पक्षी सप्ताह साजरा होतो. ५ नोव्हेंबर हा मारुती चितमपल्लींचा जन्मदिवस, १२ नोव्हेंबर डॉ. सालिम अलींचा. त्या आठवड्यापर्यंत थिरथिरे आपापल्या हद्दी धरून बसलेले असतात, त्यामुळे शाळेतल्या मुलांना पक्षिनिरीक्षण शिकवायला याच्याइतका सोयीचा पक्षी नाही. जंगलात न्यायला नको, महागडी दुर्बीण नको. शाळेच्या कुंपणाशी सकाळी अर्धा तास शांत बसलं तरी पुरतं.

पक्ष्यांच्या पायात कडं अडकवून त्यांचा माग काढण्याचं काम बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीने आपल्या देशात १९२७ मध्ये धार संस्थानात सुरू केलं. कुठे मेलेला किंवा जखमी पक्षी आढळला आणि त्याच्या पायात धातूचं कडं असेल, तर त्यावरचा क्रमांक, जागा आणि तारीख लिहून या संस्थेच्या मुंबईतल्या कार्यालयाला जरूर कळवा. पक्षी जिवंत असेल तर कडं काढू नका. क्रमांकाचा फोटो घ्या, तेवढा पुरतो.